याला ‘मदत’ म्हणायचे?

आमच्या वर्गातील दोघांना लीव्हिंग सर्टनंतर चित्रपटाचे संकलन आणि व्हिज्युअल इफेक्ट्स शिकायचे आहेत. घरून उत्तर ठरलेले: “दिवसभर अंधाऱ्या खोलीत बसायचे, आणि नाव दुसऱ्याचे!”

त्या अंधाऱ्या खोलीबद्दलच आम्हांला बोलायचे आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला, हे आपण सगळे घोकतो. दादासाहेब फाळके पडद्यावर देव प्रकट करीत, माणसे गुप्त करीत. तेव्हा संगणक कुठला? कॅमेरा थांबवायचा, माणसाला बाजूला करायचे, कॅमेरा पुन्हा चालू करायचा. त्याआधी त्यांनी रोपट्याच्या वाढीची फिल्म केली होती. ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपली, आणि बी डोळ्यांदेखत वाढू लागले. पैसेवाल्यांना ते पाहूनच विश्वास वाटला म्हणतात.

पण फिल्म परदेशातून येई ती कोरी, कडेला छिद्रे नसलेली. ती छिद्रे अंधारात पाडावी लागत. एक जरी तिरके पडले तरी पडद्यावर चित्र थरथरणार. हे काम सरस्वतीबाई फाळके करीत. फिल्म धुणे, जोडणे त्या शिकल्या. चित्रीकरणाच्या वेळी उन्हात पांढरी चादर धरून त्या नटांच्या तोंडावर उजेड पाडीत. शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. शिवाय दागिने दिले ते वेगळेच. पुस्तकांत या सगळ्याला एकच शब्द असतो: ‘मदत’. आम्हांला तो शब्द मुळीच पटत नाही. छिद्रे चुकली असती तर दादासाहेबांचे देव थरथर कापत प्रकट झाले असते!

आता आपल्या शेजारचे पाहा. मलिंगारहून डब्लिनला जाताना फार वाट वाकडी न करता टाला लागते. तिथले रिचर्ड बेनहॅम यांना ‘अवतार’ आणि त्याच्या दुसऱ्या भागाच्या इफेक्ट्ससाठी, २०१० आणि २०२३ साली, सहकाऱ्यांसह ऑस्कर मिळाले. आपल्यापैकी किती जणांनी त्यांचे नाव पडद्यावर वाचले? नावे सुरू झाली की आपल्याला गाडी काढायची घाई.

पालकहो, पगार किती, एक चित्रपट संपल्यावर पुढचे काम मिळेल का, हे जरूर विचारा. ते प्रश्न खरे आहेत, कारण या धंद्यात बरेच काम कंत्राटी असते. ‘नाव होत नाही’ हे कारण मात्र देऊ नका. नाव असते, आपण वाचत नाही.

आणि एक. आपल्या वर्गाच्या दिवाळीच्या चित्रफितीत याच दोघांची नावे शेवटी, ‘साहाय्य’ या शब्दाखाली, चहावाल्यांबरोबर आली आहेत. चार तासांच्या चित्रणातून त्यांनी वीस मिनिटे काढली. तिथे ‘संकलन’ लिहावे. चित्रफीत अजून सर्वांना वाटलेली नाही.