शपथ कुणी कुणाची घ्यायची?

विचुंब्यातली एक मुलगी गेल्या महिन्यात आमच्या बैठकीनंतर मागे थांबली. बी.कॉम. झालेली, नोकरीसाठी रोज पनवेलहून लोकलने जाणारी. घरी यायला तिला रात्रीचे नऊ वाजतात. तिला पाहायला पाहुणे आले होते. पोहे झाले, पत्रिका झाली. मग मुलाच्या मावशीने स्वयंपाकघरात येऊन तिच्या आईला हळूच विचारलं, "मुलीचं बाहेर काही नाही ना?"

"ताई, आईनं माझ्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली," ती म्हणाली. "मी तिथंच होते. मला कुणी विचारलंच नाही. आणि त्या मुलाच्या डोक्यावर कुणी हात ठेवला का?"

मी काय म्हटलं? "जरा दमानं घे. आईची बाजूही समजून घे." समाजकार्याची पदवी घेतलेली, दहा वर्षं बायकांत काम केलेली मी, हे बोलले. त्याची लाज वाटते म्हणूनच हे लिहिते आहे.

कंजारभाट समाजातील कौमार्य चाचणीविरुद्ध तरुण उभे राहिले, तेव्हा आपण टाळ्या वाजवल्या. लग्नाच्या रात्री पांढरी चादर आणि सकाळी जात पंचायतीपुढे नवऱ्याची साक्ष. जानेवारी २०१८ मध्ये पिंपरीत या प्रथेविरुद्ध बोलणाऱ्या तरुणांना लग्नातच मारहाण झाली. ऐश्वर्या आणि विवेक तमायचीकर यांनी चाचणी नाकारून त्याच वर्षी लग्न केलं. नवरात्रात ऐश्वर्याला दांडिया खेळू दिला नाही, अशी तक्रार झाली. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा राज्यात २०१७ पासून लागू होता, म्हणून पोलिसांत जायला वाट तरी होती. फेब्रुवारी २०१९ मध्ये राज्य सरकारने अशी चाचणी लैंगिक अत्याचार मानली जाईल, असं जाहीर केलं.

मैत्रिणींनो, आपण मात्र हे 'त्यांच्यातलं' म्हणून वाचलं. ज्या समाजावर इंग्रजांनी गुन्हेगारीचा शिक्का मारला, त्याच्याकडे बोट दाखवणं सोपं असतं. आपल्याकडे चादर नाही, पंचायत नाही. पण मावशीचा प्रश्न आहे आणि आईची शपथ आहे. 'चालीची चांगली', 'साधी', 'घरात रमणारी' या शब्दांत दुसरं काय तपासलं जातं? फरक एवढाच, की तिथे पंच उघड बसतात आणि आपल्याकडे ते पोहे खातात.

योनिपटलावरून कौमार्य ठरवता येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ मध्येच सांगितलं, की अशा चाचणीला वैद्यकीय आधार नाही. पण समजा, आधार असता, तर ती चालली असती का? नाही. माझा मुद्दा विज्ञानाचा नाही, मानाचा आहे. घराण्याची अब्रू मुलीच्या शरीरात ठेवायची, तिची राखण इतरांनी करायची आणि हिशेब मात्र तिने द्यायचा, ही व्यवस्थाच आपल्याला नको आहे.

काही जणी म्हणतात, आईचा नाइलाज असतो, मुलीचं लग्न व्हायचं असतं. खरं आहे. त्या आईला दोष देऊन मी मोकळी होणार नाही. तिच्या डोक्यावरही कधीतरी कुणी असाच हात ठेवला असेल. पण नाइलाज म्हणून आपण गप्प बसलो, तर तो पुढच्या पिढीची रीत होतो.

त्या मुलीने माझा सल्ला ऐकला नाही. तिने निरोप पाठवला, "मुलाला भेटायचं आहे. जे प्रश्न मला, तेच त्याला." उत्तर आलं, मुलगी उद्धट आहे. स्थळ मोडलं. घरात आज वडील तिच्याशी बोलत नाहीत. तिला मान हवा होता. तो अजून मिळालेला नाही, पण तो कुणाकडे गहाण टाकायचा नाही, एवढं तिने ठरवलं आहे.

आता आपली पाळी. आपल्या गटातल्या किती जणी मुलासाठी मुली पाहायला जातात? तिथे कोणता प्रश्न विचारतात? पुढच्या बैठकीत याचाच हिशेब मांडूया. सुरुवात माझ्यापासून.