आजी, इंग्रजीच राहू दे!



सुट्टीत परदेशातली नातवंडं अमरावतीला आली की घरोघरी एक वाद होतो. आपण म्हणतो, निदान रामायण तरी हिंदीत पाहा. मुलं म्हणतात, आजी, इंग्रजीच राहू दे. या वादात मी मुलांच्या बाजूची आहे.

‘रामायण : द लिजेंड ऑफ प्रिन्स रामा’ हा १९९२ चा सिनेमा घ्या. जपानच्या युगो साको यांनी आपल्या राम मोहन यांच्यासोबत तो केला. चित्रं जपानी धाटणीची, मुलं ज्याला ॲनिमे म्हणतात तशी. त्याचे मूळ संवाद इंग्रजीतच आहेत, गाणी तेवढी संस्कृतात. आपल्याला जो अस्सल वाटतो, तो हिंदी आवाज नंतर चढवलेला आहे.

त्या हिंदीत रामाला आवाज अरुण गोविलांचा आणि रावणाला अमरीश पुरींचा. मी कॉमर्सची, म्हणून हिशेबात सांगते : या आवाजांना ओपनिंग बॅलन्स आहे. गोविल बोलले की १९८७ मधल्या रविवारच्या सकाळी आठवतात आणि चित्र पाहण्याआधीच डोळे भरतात. पुरी बोलले की रावणाच्या आधी मोगॅम्बो उभा राहतो. आपल्या पद्मपुराणातला रावण तर विद्वान, जिनभक्त. त्या गडगडाटात त्याला जागाच उरत नाही.

इंग्रजी आवाजांची आपल्याकडे अशी काही शिल्लक नाही, म्हणून ते आपल्याला कोरडे वाटतात. मुलांना वाटत नाहीत. माझा नातू जटायू पडला तेव्हा इंग्रजीतच ऐकत होता आणि हुंदके देत होता. त्याचे शाळेतले रुसवेफुगवे, भांडणं, समजुती सगळं इंग्रजीत होतं. ज्या भाषेत लेकरू स्वतः रडतं, त्याच भाषेत त्याला दुसऱ्याचं दुःख लवकर कळतं. हिंदी लावलं असतं तर तो खालच्या ओळी वाचत बसला असता, जटायूकडे पाहायचं राहूनच गेलं असतं.

“मग आपली भाषा कशी टिकायची?” असं तुम्ही विचाराल. ते काम सिनेमावर कशाला सोडायचं? टीव्ही बंद झाल्यावर, गच्चीवर अंथरुणं पडली की तीच गोष्ट आपण आपल्या वऱ्हाडीत सांगायची. आजीचा आवाज कोणत्याच स्टुडिओत मिळत नाही. पोरांच्या खात्यात तो जमा व्हायचा असेल, तर रिमोटसाठी भांडून होणार नाही.