काळ स्वतःची चूक दुरुस्त करतो काय?

कल्पित कथांतून एक मत मोठ्या प्रतिष्ठेने वावरत असते. मनुष्याने भूतकाळात जाऊन तेथे कितीही उलथापालथ केली, तरी काळ ती आपल्या आपण सावरून घेतो. फुटलेला पाट पुन्हा बांधावा त्याप्रमाणे घटनांचा ओघ मूळ पात्रात वळवितो, आणि म्हणून कोणतीही विसंगती उरत नाही, असे हे मत आहे. आमच्या अड्याळ गावच्या एका होतकरू तरुणाने ह्याच मताच्या आधारे लिहिलेली एक कथा नुकतीच आम्हांस वाचावयास दिली. तिचा नायक १९८८ सालात जातो व वैनगंगेवरील गोसीखुर्द धरणाची कोनशिला बसू नये म्हणून जिवाचे रान करतो. पण व्यर्थ! त्याने एक वाट अडविली की काळ दुसरी मोकळी करतो. अखेर धरण होते, त्याचे गाव बुडते, आणि "हे होणारच होते" असे म्हणून नायक परततो. लेखकाच्या भाषेचे आम्हांस कौतुक वाटले. त्याच्या तत्त्वाचा मात्र निषेध केल्यावाचून आमच्याने राहवत नाही.

हे मत जन्मास का आले, ते प्रथम पाहू. एखाद्याने मागे जाऊन आपल्या आजोबांस, त्यांचे लग्न होण्यापूर्वीच, ठार केले, तर तो स्वतः जन्मास येणार नाही; आणि तो जन्मलाच नाही, तर आजोबांस मारले कोणी? कुर्ट गोडेल ह्याने १९४९ साली आइन्स्टाइनच्या समीकरणांतून असे एक विश्व काढून दाखविले की, त्यात प्रवासी पुढे जात जात स्वतःच्याच भूतकाळात पोचू शकेल. तेव्हापासून हा पेच निव्वळ गमतीचा राहिला नाही. रशियन शास्त्रज्ञ ईगोर नोविकोव्ह ह्याने १९८० नंतरच्या दशकात त्यावर उत्तर सुचविले, ते असे की, अशा मार्गावर ज्या घटना परस्परांशी सुसंगत असतील तेवढ्याच घडू शकतात. हे उत्तर कोणास पटो वा न पटो, ते प्रामाणिक आहे. त्यात काही बिघडतच नाही. म्हणून काही दुरुस्तही करावे लागत नाही. आमच्या कथाकारांचा काळ मात्र आधी बिघडू देतो व मग डागडुजीस लागतो. ह्या दोन मतांत जमीनअस्मानाचे अंतर आहे.

बरे, हा डागडुजी करणारा काळ आजोबांचा पेच तरी सोडवितो काय? मुळीच नाही. राज्ये, युद्धे, धरणे अशा मोठ्या गोष्टी तो जागेवर आणतो व बारीकसारीक फरक तसेच राहू देतो, असे त्याचे भक्त सांगतात. पण नातू हीच मुळी बारीक गोष्ट आहे! आजीचे लग्न दुसऱ्या कोणाशी लागले, तर घर नांदेल, गाव नांदेल, जगाचेही काही अडणार नाही. हा नातू मात्र जन्मणार नाही. ज्या पेचासाठी हे तत्त्व काढले, तो जेथल्या तेथेच राहिला.

ह्याहून मोठा आक्षेप पुढेच आहे. दुरुस्ती म्हटली की चूक आली, आणि चूक म्हटली की बरोबर काय हे ठरविणारा आला. काळापाशी असले कोणते मोजमाप आहे? एकच: जे घडले ते. म्हणजे जे घडले तेच योग्य, व त्याविरुद्ध केलेली प्रत्येक खटपट ही चूक! जुने प्रारब्ध निदान पूर्वकर्माचा हिशेब तरी सांगत असे. हे नवे प्रारब्ध तेवढीही तसदी घेत नाही.

कोणी म्हणेल की, इतिहासाचे मोठे प्रवाह खरोखरच अटळ असतात. त्यांनी आमच्याच मुलखाचा इतिहास पाहावा. हा भंडारा प्रांत नागपूरकर भोसल्यांच्या राज्यातला. तिसरे रघूजी डिसेंबर १८५३ मध्ये निपुत्रिक वारले, आणि १८५४ त डलहौसीने ते राज्य खालसा केले. ते अटळ होते काय? त्याच्याच मंडळातील कर्नल लो ह्याने लेखी विरोध नोंदविला होता. त्याच सुमारास करौलीच्या राजपूत संस्थानातही दत्तकाचाच प्रश्न निघाला असता कंपनीच्या संचालकांनी ते खालसा होऊ दिले नाही. गव्हर्नर जनरल तोच, प्रश्न तोच. एक राज्य बुडाले, एक तरले. येथे काळाने काही केले नाही. माणसांनी निर्णय केले.

जयंत नारळीकरांनी हे मर्म ओळखले होते. त्यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' ह्या कथेत विश्वासरावांस लागावयाची गोळी कानाजवळून निघून जाते, आणि तेवढ्या केसभर फरकाने मराठे १७६१ चे पानिपत जिंकतात. पुढचा इतिहास मूळ वाटेवर खेचला जात नाही. तो आपल्या नव्या वाटेने चालतो, आणि दोन्ही वाटा खऱ्या ठरतात. ह्या शास्त्रज्ञाने वाचकास अटळतेची अफू दिली नाही.

आता पुन्हा आमच्या तरुण मित्राच्या कथेकडे वळू. गोसीखुर्दची कोनशिला २२ एप्रिल १९८८ रोजी राजीव गांधींच्या हस्ते बसली. मूळ अंदाज ३७२ कोटी रुपयांचा होता. तो पुढे वारंवार वाढविण्यात आला. ह्या दुरुस्त्या खऱ्या, आणि त्या काळाने नव्हे, माणसांनी सहीनिशी केल्या. धरण व्हावे की न व्हावे, ह्यावर आम्ही येथे मत देत नाही. पाण्याची आशा धरणारा शेतकरीही आमचाच आणि घर सोडून उठलेला शेतकरीही आमचाच. परंतु त्या उठलेल्या माणसास "हे होणारच होते" असे ऐकविणे म्हणजे ज्यांनी निर्णय केला त्यांस जबाबदारीतून मोकळे करणे होय.

नायक हरला तरी आमची हरकत नाही. पण तो काळाकडून हरू नये. ज्याने त्याचा अर्ज बाजूस सारला, त्या माणसाकडून हरावा. म्हणजे तोच अर्ज उद्या पुन्हा करता येतो, हे वाचकास कळेल.