'बिचारे' म्हणून झालं, पुढे काय?

मैत्रिणींनो, मध्यंतरी वस्तीतल्या मुलांच्या गटाला आम्ही राहुल रॉय यांचा 'व्हेन फोर फ्रेंड्स मीट' हा माहितीपट दाखवला. २००० सालचा, अवघा ४३ मिनिटांचा. दिल्लीच्या जहांगीरपुरी या कष्टकरी वस्तीतले चार तरुण मित्र. पक्क्या नोकरीचा भरवसा नाही, घरात जीव गुदमरतो, मुली फार धीट झाल्यासारख्या वाटतात, लैंगिक सुखाला अपराधीपणाची किनार. हे सारं ते कॅमेऱ्यासमोर बोलतात. मर्दपणाचं ओझं पुरुषांच्याच तोंडून ऐकायला मिळणं ही साधी गोष्ट नव्हे.

माझं भांडण आहे ते नंतरच्या चर्चेशी. तासभर ती 'बिचारे' या एका शब्दाभोवती फिरत राहिली. बेकारी, घरच्यांचा धाक, मित्रांत पत राखण्याची धडपड. सगळं खरंच आहे. आमचे पुरुष कार्यकर्ते तर गहिवरले. (मारहाणीच्या केसेस ऐकताना त्यांना असं भरून आलेलं मी तरी पाहिलं नाही.) पण ज्या मुलींबद्दल हे चौघे बोलतात, त्यांचं काय म्हणणं असेल, हे कुणी विचारलं नाही. शेवटी चहाचे कप उचलायला आलेल्या मावशीच म्हणाल्या, "ही पोरं एवढा वेळ गप्पा मारतात, तर यांच्या घरी पाणी कोण भरतं?"

मुलं हसली. चर्चा संपली.

खरं तर ती तिथून सुरू व्हायला हवी होती. २०१९ च्या सरकारी वेळ-वापर सर्वेक्षणात सहा वर्षांवरच्या दर १०० पुरुषांपैकी जेमतेम २६ जणांनी दिवसभरात घरकामाला हात लावला होता. बायकांपैकी ८१ जणींनी. हात लावणाऱ्या पुरुषांचे सरासरी ९७ मिनिटं गेले, बायकांचे २९९. कट्ट्यावरचा मोकळा वेळ आभाळातून पडत नाही. तो कुणाच्या तरी दिवसातून कापलेला असतो. पुरुषांचं रोजचं जगणं बघायचं म्हणजे हेही बघायला नको का?

रॉय यांनी २०१३ साली 'टिल वी मीट अगेन'मध्ये याच चौघांना पुन्हा गाठलं. तोवर ते संसारी बाप्ये झाले होते. आमच्या गटातल्या दोघांची लग्नं तर यंदाच ठरली आहेत! त्यांना आज नुसतं कुरवाळून सोडलं, तर उद्या त्यांच्या बायका आमच्याच केंद्रात तक्रार घेऊन येतील, आणि केस लिहायला मीच बसलेली असेन.

पुढच्या वेळी दोन्ही चित्रपट लावणार आहोत. चर्चा मावशी घेतील. चहा मुलांनी करायचा, हे मी आताच सांगून ठेवलं आहे.