महागाईचें निदान आणि धानाचा भाव

रोगाचें निदान चुकलें तर उत्तम औषधही अपाय करतें, ही गोष्ट वैद्यकास जितकी लागू तितकीच अर्थकारणासही लागू आहे. महागाई हा शब्द आपल्याकडे फार सैलपणें वापरला जातो. टोमॅटो कडाडला तरी महागाई, डिझेल चढलें तरी महागाई, आणि खुद्द रुपयाचेंच मोल उतरलें तरीही महागाईच. या तीन गोष्टी एक नव्हेत. त्यांचीं कारणें निराळीं, त्यांवरील उपाय निराळे, आणि उपायाचा भार ज्यांच्या माथीं बसतो तीं माणसेंही निराळीं. पोंभुर्ण्यासारख्या धानपिकाच्या तालुक्यांतील शेतकऱ्यानें व व्यापाऱ्यानें हा भेद नीट समजून घेणें अगत्याचें आहे. कारण २०२२ पासून २०२४ पर्यंत महागाईवर म्हणून जे उपाय योजण्यांत आले, त्यांपैकीं एक थेट त्यांच्याच मालावर येऊन पडला.

महागाईची पहिली मीमांसा चलनाची. बाजारांतील माल होता तेवढाच राहिला आणि पैसा मात्र वाढला, तर रुपयाचें मोल उतरावयाचेंच, हें तिचें सार होय. अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ आयर्विंग फिशर यांनीं १९११ सालीं हा विचार समीकरणाच्या रूपानें मांडला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं १९२३ सालीं लंडन येथें प्रसिद्ध केलेल्या रुपयाच्या प्रश्नावरील ग्रंथांत, चलन काढणाऱ्या सत्तेच्या हातास मर्यादा घातली पाहिजे, नाहींतर रुपयाची देशांतील क्रयशक्ति स्थिर राहणार नाहीं, असें प्रतिपादन केलें होतें. त्या इशाऱ्याचा प्रत्यय दुसऱ्या महायुद्धांत आला. ब्रिटिश सरकार युद्धासाठीं हिंदुस्थानांत माल घेई, त्याची किंमत लंडनमध्यें पौंडांत जमा दाखवी, आणि त्या जमेच्या आधारावर रिझर्व्ह बँक येथें नोटा काढी. १९३९ सालीं चलनांत असलेल्या नोटा २०० कोटी रुपयांहूनही कमी होत्या. १९४६ पर्यंत त्या १,२०० कोटींच्या वर गेल्या. माल त्या मानानें वाढला नाहीं, आणि भाव दुपटीहून अधिक झाले. साठेबाज त्या वेळींही होते, व ते दोषीही होते. परंतु महागाईचें मूळ त्यांच्या कोठारांत नसून नाशिकच्या छापखान्यांतून निघणाऱ्या नोटांच्या राशींत होतें.

दुसरी मीमांसा टंचाईची व उत्पादनखर्चाची. येथें नोटा तेवढ्याच असल्या तरी भाव चढतात, कारण मालच कमी येतो किंवा तो तयार करण्यास अधिक पैसा लागतो. २०२२ च्या फेब्रुवारींत रशियानें युक्रेनवर स्वारी केली आणि खनिज तेल, खतें व गोडें तेल यांचे भाव जगभर उसळले. डीएपी खताची जी गोणी २०२१ च्या खरिपांत १,२०० रुपयांस मिळत होती, ती २०२२ मध्यें १,३५० रुपयांस गेली. सरकारनें अनुदानाचा मोठा बोजा उचलला म्हणूनच ती तेथें थांबली. यांत पोंभुर्ण्याच्या कृषि केंद्रवाल्याचा अपराध नव्हता आणि शेतकऱ्याचा तर नव्हताच.

तिसरी मीमांसा लोकांच्या अपेक्षेची. भाव चढणारच असें सर्वांच्या मनानें घेतलें म्हणजे दुकानदार आधींच भाव चढवितो, मजूर अधिक मजुरी मागतो, घरमालक भाडें वाढवितो, आणि मूळ कारण नाहींसें झालें तरी महागाई आपल्याच पायांवर चालूं लागते.

या तिन्ही मीमांसा आपापल्या जागीं खऱ्या आहेत. प्रश्न असतो तो प्रसंगीं कोणती लागू पडते एवढाच. आपल्या देशानें २०१६ सालीं रिझर्व्ह बँकेच्या कायद्यांत दुरुस्ती करून महागाईचें लक्ष्य शेंकडा ४, आणि त्याच्या वरखालीं दोनाची सूट, असें ठरविलें. व्याजाचा दर ठरविण्यास सहा जणांची समिति नेमली. २०२२ सालीं लागोपाठ तीन तिमाह्यांत महागाई शेंकडा ६ च्या वर राहिली, आणि बँकेस सरकारपुढें लेखी कारणें द्यावीं लागलीं. असा प्रसंग या व्यवस्थेंत पहिलाच होता. २०२२ च्या मे महिन्यापूर्वीं शेंकडा ४ असलेला रेपो दर २०२३ च्या फेब्रुवारींत ६.५ वर नेण्यांत आला. व्याज महाग केलें म्हणजे कर्ज काढून होणारी खरेदी आटोक्यांत येते व लोकांची अपेक्षाही शमते, हें आम्हांस मान्य आहे. परंतु व्याजाच्या दरानें शेतांत टोमॅटो पिकत नाहीं. २०२३ च्या जुलैंत किरकोळ महागाई शेंकडा ७.४४ झाली ती मुख्यतः भाजीपाल्यामुळें. २०१२ हें आधारवर्ष धरलेल्या तत्कालीन निर्देशांकांत खाद्यपेयांचें वजन ग्रामीण भागापुरतें शेंकडा ५४ च्या वर होतें. ताटांतील वस्तु चढली कीं आंकडा चढावयाचाच, आणि बँकेचें शस्त्र तेथें बोथट ठरावयाचें.

म्हणून सरकारनें दुसरें शस्त्र उचललें, तें निर्यातबंदीचें. २०२२ च्या सप्टेंबरांत तुकडा तांदूळ परदेशीं धाडण्यास बंदी झाली व पांढऱ्या तांदळावर शेंकडा २० कर बसला. २० जुलै २०२३ रोजीं बासमती सोडून सर्व पांढऱ्या तांदळाची निर्यात बंद झाली, आणि ती बंदी २८ सप्टेंबर २०२४ पर्यंत टिकली. जगाच्या तांदूळव्यापारांत सुमारें शेंकडा ४० वांटा असलेल्या देशानें दार लावतांच बाहेर तांदळाचे भाव पंधरा वर्षांत चढले नव्हते इतके चढले. त्या चढाचा लाभ थायलंड व व्हिएतनामच्या शेतकऱ्यास झाला; आमच्या शेतकऱ्यास त्यांतला वांटा मिळाला नाहीं.

सरकारच्या बाजूनें बोलण्यासारखें पुष्कळ आहे, तें आम्ही झांकून ठेवीत नाहीं. २०२३ चा पावसाळा एल निनोचा होता, आणि त्या वर्षींचा ऑगस्ट गेल्या शतकाहून अधिक काळांतला सर्वांत कोरडा ठरला; सावधगिरी हवीच होती. परंतु त्याच वर्षाच्या जानेवारीपासून सुमारें ८१ कोटी लोकांस शिधापत्रिकेवर धान्य मोफत मिळत होतें, आणि सरकारी गुदामांतील तांदूळ राखीव साठ्याच्या ठरीव प्रमाणाहून कितीतरी अधिक होता. शिवाय बंदी असतांनाही देशांत तांदूळ स्वस्त झाला नाहीं. २०२३ अखेरपर्यंत त्याचा भाव चढतच राहिला. मग अत्यंत गरिबासाठीं हा उपाय झाला असें म्हणावें, तर त्याची सोय आधींच झालेली होती; आणि टंचाईसाठीं म्हणावें, तर कोठारें भरलेलीं होतीं.

त्या काळांत धानास भावच मिळाला नाहीं असें आमचें म्हणणें नाहीं. आमचें म्हणणें असें कीं, खत व डिझेल हीं शेतकरी जगाच्या भावानें चढतीं घेत असतां त्याचा माल मात्र कुंपणांत कोंडला गेला. मोठ्या धानास हमीभावाचा आधार असतो: तो २०२२-२३ सालीं क्विंटलास २,०४० रुपये होता, २०२५-२६ साठीं २,३६९ झाला. परंतु नागभीड तालुक्यांतील नांदेड गांवच्या दादाजी खोब्रागडे यांनीं स्वतःच्या निरीक्षणानें निवडून काढलेलें एच.एम.टी. व त्यासारखें बारीक धान हमीभावाच्या केंद्रावर नव्हे, तर अडत्याकडे व गिरणीकडे जातें. परदेशचें गिऱ्हाईक दारांतच अडविलें कीं गिरणीवाला हात आंखडता घेतो, आणि तो आंखडतेपणा शेवटीं शेताच्या बांधावर पोंचतो.

पुढें चित्र पालटलें. २०२५ च्या ऑक्टोबरांत किरकोळ महागाई शेंकडा ०.२५ इतकी खालीं आली, आणि तें यश म्हणून गौरविलें गेलें. नोकरदारास तो दिलासा खराच. परंतु तो आंकडा उतरला तो खाद्यपदार्थांचे भाव आदल्या वर्षाहूनही उतरले म्हणून; आणि खाणाऱ्याची स्वस्ताई ती पिकविणाऱ्याची मंदी होय. त्या वर्षीं हमीभाव शेंकडा तीनच वाढला. भाव चढतांना बंदी तत्काळ येते. भाव पडतांना तितक्याच त्वरेनें कोणी धांवत नाहीं. या विषमतेवर आमचा आक्षेप आहे.

यास्तव आमच्या तीन सूचना आहेत. निर्यातीवर बंधन घालणें अटळच असेल तर आधीं सरकारी साठा खुला करावा, आणि बंधनाची मुदत पेरणीपूर्वीं जाहीर करावी. बंधनामुळें शेतकऱ्याचें जें नुकसान होईल त्याची भरपाई सरकारी तिजोरींतून व्हावी. सर्व देशाच्या स्वस्ताईचा खर्च चार जिल्ह्यांच्या धानकऱ्यांनीं सोसावा हा न्याय नव्हे. आणि बाजार समित्यांनीं रोजची आवक व जातवार भाव ठळक फळ्यावर लिहावे.

ही शेवटली सूचना व्यापारीवर्गाच्याही हिताची आहे. महागाई कोठूनही आली तरी लोकांचें बोट प्रथम दुकानदाराकडे वळतें. ज्याचा खरेदीचा व विक्रीचा भाव उघडा आहे, त्यास त्या बोटाची भीति नाहीं. पोंभुर्ण्यांतील सुशिक्षितांनीं महागाई हा शब्द पुन्हां कानीं पडेल तेव्हां तीन प्रश्न विचारण्याची संवय लावून घ्यावी: पैसा वाढला कीं माल घटला? उपाय त्या कारणावर आहे कीं दुसऱ्याच कशावर? आणि त्याचा खर्च कोण देणार? हे प्रश्न शांतपणें, परंतु न चुकतां, विचारले जाऊं लागले म्हणजे धानकऱ्याचा विचार न करतां त्याच्या मालावर बंदी घालणें कोणत्याही सरकारास सोपें राहणार नाहीं.