धमकी ही घरातली बाब नव्हे

तास संपल्यावर एक विद्यार्थिनी वर्गातच रेंगाळली. सगळे गेल्यावर हळूच म्हणाली, “सर, ताईनं जातीबाहेर लग्न ठरवलंय. काका म्हणतात, उंबरा ओलांडलास तर जिवंत ठेवणार नाही. ठाण्यात गेलो होतो. तिथं म्हणाले, मन्याग मुगिस्कोरी.”

घरातच मिटवा! आपल्या भागात हे वाक्य कानडीतून ऐका की मराठीतून, अर्थ एकच. परत जा.

मला होसवंटमुरी आठवली. डिसेंबर २०२३ मध्ये बेळगाव तालुक्यातल्या या गावातून एक मुलगा-मुलगी निघून गेले. त्याच रात्री मुलीकडच्यांनी मुलाच्या आईला घरातून ओढून नेले, विवस्त्र केले, खांबाला बांधून मारले. तिचा अपराध काय, तर ती त्याची आई! पोलीस पोचले तोवर सारे घडून गेले होते. पुढे ठाण्याचे निरीक्षक निलंबित झाले. उच्च न्यायालयाने प्रकरणाची स्वतःहून दखल घेतली. तेव्हाचे मुख्य न्यायमूर्ती प्रसन्न वराळे, म्हणजे आपल्या निपाणीचेच. त्यांच्या पीठाने बघ्यांनाही सोडले नाही. नुसते पाहत राहिलेल्या गावकऱ्यांकडून दंड वसूल करून तो त्या माउलीला द्यावा, असे सुचवले.

पोलिसांचे काम गुन्हा घडल्यावर पंचनामा करण्याचे, अशी आपली समजूत असते. कायदा तसे म्हणत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६८ सांगते, की दखलपात्र गुन्हा घडू नये म्हणून पोलिसाने होईल तेवढे केलेच पाहिजे. जुन्या संहितेत हेच कलम १४९ होते. शांतता राखण्याचा बाँड आपल्याकडे ‘एकशे सात’ म्हणून सर्वांच्या ओळखीचा. तो आता कलम १२६ खाली येतो. म्हणजे नुसती धमकी अदखलपात्र ठरली, तरी ‘आमच्या हातात काही नाही’ हे उत्तर टिकत नाही.

अशा जोडप्यांसाठी सर्वोच्च न्यायालयाने २७ मार्च २०१८ रोजी ‘शक्ती वाहिनी’ प्रकरणात स्पष्ट आदेश दिले आहेत. प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, चोवीस तास हेल्पलाइन, तक्रार येताच संरक्षण. जिल्ह्याच्या ठिकाणी सुरक्षित निवासाचा विचार राज्यांनी करावा, असेही सांगितले. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यावर खात्याची कारवाई आहेच.

मग आपण काय करायचे? जिवावर बेतले असेल तर आधी ११२. एरवी अर्ज दोन प्रतींत लिहावा. कोण, कधी, काय बोलले ते जसेच्या तसे. तोंडी सांगितलेली दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद ठाण्याने लिहून घेऊन वाचून दाखवायची असते. कानडी लिपी वाचता येत नसेल तर अर्थ नीट समजून घ्या, मगच सही करा. आणि हिंबरह हातात पडल्याशिवाय ठाण्याची पायरी उतरू नका. तिथे दाद लागली नाही तर एसपी किंवा आयुक्तांकडे टपालाने पाठवा.

दुसऱ्या दिवशी त्या दोघी बहिणींबरोबर मीही गेलो. एक प्राध्यापक सोबत आहे म्हटल्यावर खुर्ची मिळाली, हिंबरह मिळाले, काकांना बोलावून समजही दिली गेली. मला बरे वाटले आणि वाईटही. जे त्या मुलीला एकटीला मिळायला हवे होते, ते माझ्या पांढऱ्या शर्टाला मिळाले.

शेवटी एक घरातले बोलतो. धमकी देणारा बहुधा परका नसतो. आपल्याच पंगतीला बसणारा, हळदीला पुढे असणारा काका-मामा असतो. तो बोलतो तेव्हा आपण मान खाली घालून जेवत राहतो. पोलिसांना जाब विचारावाच. पण पंगतीतल्या त्या गप्प बसण्याचा जाब कोणाला विचारायचा?