हौद सरकारचा, विहीर आमची



कापसाच्या भावाचे सोडून संडासाचे काय काढले, असे कोणी म्हणेल. म्हणू द्या. विहीर नासली तर दवाखान्याचा खर्च कापूस विकूनच भरावा लागतो.

कार्तिकातल्या यात्रेला आम्ही वसईजवळच्या निर्मळला गेलो होतो. तळ्याकाठचे गाव, वाड्या, मधूनमधून बावखले. पाणी हाताशी. तिथे खड्डा खोल खणला की तळ थेट विहिरीच्या पाण्याला भिडतो; म्हणून तो उथळ, उंचावर उचललेला हवा. आपल्याकडे उलटे. काळी जमीन पावसात फुगते, पाणी जिरवत नाही. उन्हाळ्यात भेगाळते, बांधकाम तडकवते. दोन मातींच्या दोन तऱ्हा, पण नकाशा एकच! 2014 पासून घरामागे 12,000 रुपये वाटले, 2018 साली राज्य हागणदारीमुक्त जाहीर झाले. आम्ही पाहिलेल्या गावांत फोटो निघाले, माती कोणी पाहिली नाही. (आम्ही शेतकी कॉलेजात पहिल्या वर्षी माती ओळखायला शिकलो. साहेबही तिथेच शिकले असतील.)

सेप्टिक टाकीबद्दल तर मोठाच भ्रम. टाकी पाणी शुद्ध करत नाही. गाळ खाली बसतो, साय वर तरंगते, मधले पाणी जंतूंसकट बाहेर पडते. ते शोषखड्ड्यात जिरायला हवे, सोडतात गटारात. दोन-तीन वर्षांनी गाळ उपसला नाही तर टाकी असून नसल्यासारखी. उपसायला माणूस उतरवाल तर 2013 च्या कायद्याने गुन्हा, आणि आतल्या वायूने तो मिनिटांत मरतो. कोणत्या वस्तीतला माणूस बोलावला जातो, हे आपल्याला ठाऊक आहे. लाज आपल्यालाही वाटली पाहिजे.

त्यापेक्षा दोन खड्डे खणा. मीटरभर रुंद, तेवढेच खोल, जाळीदार विटांचे, तळ कच्चा, दोहोंत मीटरभर अंतर. काळ्या मातीत विटांबाहेर फूटभर वाळू-खडी भरा. विहीर 10 मीटर लांब ठेवा. एका वेळी एकच खड्डा वापरा. भरला की दोन वर्षे झाकून ठेवा, उन्हाळ्यात उपसा. निघेल ते खत. कणकवलीच्या गोपुरीत अप्पासाहेब पटवर्धन याच सोनखताचा आग्रह धरत होते. आपण मात्र ते गटारात सोडून युरियाच्या पोत्यासाठी रांगेत उभे!

येत्या ग्रामसभेत ठराव मांडा: खड्डा खणून, पाणी ओतून, किती जिरते ते मोजल्याशिवाय एकाही संडासाचा नकाशा मंजूर करू नये. मोजणी गावासमोर व्हावी, आकडा वहीत लिहावा आणि ठरावाची नक्कल जिल्हा बैठकीत आणावी.